सांडपाण्याचे आभार

कोचबाईंचा पाय मोडला तो पाण्यात नव्हे, कोरड्या ठणठणीत जमिनीवर. तरणतलावाच्या ओल्या फरशीवर अनवाणी धावपळ करण्यात ज्यांची हयात गेली आणि ज्या एकदाही घसरल्या नाहीत, त्या कोचबाई नवऱ्याच्या दुकानाच्या पायऱ्या उतरताना पडल्या. हातात सोफ्याच्या कापडाचा गठ्ठा होता, खालची पायरी दिसली नाही, एवढंच निमित्त. नडगीच्या हाडाचे तुकडे झाले आणि एक टोक कातडी फोडून बाहेर आलं.

"पाण्यात काही झालं असतं तर निदान सांगायला तरी बरं वाटलं असतं," रुग्णवाहिकेत त्या नणंदेला म्हणाल्या.

"गप्प बसा हो वहिनी," नणंद रडत रडत म्हणाली, "कशात काय आणि तुम्हाला सांगायची पडलीय!"

तलावावर लहानथोर सगळे त्यांना कोचबाईच म्हणत. पोरांना तर त्या शिकवायच्याच, पण त्यांची खरी ख्याती होती ती पाण्याला घाबरणाऱ्या मोठ्या माणसांसाठी. कुणाला ढकलायच्या नाहीत, कुणाला लाजवायच्या नाहीत. आठवडा आठवडा नुसतं काठावर बसवून पाय बुडवायला लावायच्या, आणि मग एके दिवशी तो माणूस आपण होऊन आत उतरायचा. त्यांचे यजमान गाद्या आणि सोफे शिवायचे, म्हणून त्यांना सगळे गादीवाले म्हणत. गादीवाले मोजकं बोलणारे. ती कसर त्यांची धाकटी बहीण भरून काढायची. ती चष्म्याच्या दुकानात कामाला होती, राहायला यांच्याचकडे, आणि घरात शेवटचा शब्द तिचा नसला तरी सगळ्यात जास्त शब्द तिचेच असायचे.

हाडांच्या डॉक्टरांनी पायात सळई घातली. हाड हळूहळू जुळू लागलं, पण जखम काही मिटेना. वरून खपली धरायची, सगळ्यांना हायसं वाटायचं, आणि मग एका सकाळी पट्टीवर पुन्हा हिरवट डाग दिसायचा. त्याला एक गोडसर, शिळ्या फळांसारखा वास यायचा. घरात शिरताच नणंदेला कळायचं की आज पुन्हा पाय वाहतोय, पण ती खिडकी उघडताना मुद्दाम म्हणायची, "काय उकडतंय नाही!"

औषधं झाली. पहिलं लागू पडलं, मग जखम त्याला दाद देईना. दुसऱ्याचंही तेच. तिसरं शिरेतून द्यायचं होतं, त्यानं कोचबाईंच्या तोंडाची चव गेली, कानात घंटा वाजू लागल्या, आणि जंतू मात्र जिथल्या तिथे. सळई एकदा बदलून झाली. नव्या सळईवरही जंतूंनी ठाण मांडलं.

मग एके दुपारी हाडांचे डॉक्टर दवाखान्यातल्या खोलीत आले आणि खुर्ची ओढून बसले. एरवी ते उभ्या उभ्या बोलून निघून जायचे. ते बसले तेव्हाच कोचबाईंनी ओळखलं.

"औषधं संपली," डॉक्टर म्हणाले.

"म्हणजे दवाखान्यातली?" नणंदेनं विचारलं.

"म्हणजे जगातली. निदान या जंतूवर चालतील अशी." त्यांनी चष्मा काढून पुसला. "विष वर चढायच्या आत पाय गुडघ्याखालून काढावा लागेल. मला वाईट वाटतंय."

गादीवाले उठून बाहेर व्हरांड्यात गेले. कोचबाईंनी चादरीखालच्या पायाकडे पाहिलं. "काढा," त्या म्हणाल्या. "एका पायानं पोहणारी माणसं मी शिकवलीत. मला काही नवीन नाही." आवाज एकदम सरळ होता. नणंदेला तो आवाज ओळखीचा होता, खोल पाण्यात कुणी गटांगळी खाल्ली की वहिनी अशाच बोलायच्या. तिनं त्यांचा हात घट्ट धरला.

डॉक्टर उठले, दारापर्यंत गेले आणि परत फिरले. "एक गोष्ट आहे," ते अडखळत म्हणाले. "म्हणजे मी ती सुचवत नाहीये. विद्यापीठात एक बाई आहेत. त्या उत्क्रांतीवर काम करतात."

"उत्क्रांती म्हणजे ती माकडाची?" नणंद म्हणाली.

"हो, तीच. पण जंतूंची जास्त वेगात चालते."

त्या बाई दुसऱ्याच दिवशी आल्या. कोचबाईंना वाटलं होतं कुणी पांढऱ्या कोटातली करारी बाई येईल. आल्या त्या खांद्याला कापडी पिशवी लावलेल्या, केस कसेतरी बांधलेल्या, बोलताना सारखा चष्मा नाकावर सरकवणाऱ्या. नणंदेनं आधी चष्म्याकडे पाहिलं आणि "दांडी ढिली झालीय, द्या इकडे" म्हणून तो काढूनच घेतला. त्यामुळे सगळं महत्त्वाचं बोलणं संशोधक बाईंनी अंधुक दिसत असताना केलं.

"तुम्ही डॉक्टर ना?" कोचबाईंनी विचारलं.

"आहे, पण औषध देणारी नाही. मी सजीव कसे बदलत जातात ते बघते. जंतू लवकर बदलतात म्हणून जंतूंचं बघते."

"माझ्या शरीराला औषधाची सवय झालीय, असं सगळे म्हणतात."

"तुमच्या शरीराला काही झालेलं नाही, ताई. ते बिचारं पहिल्यासारखंच आहे." संशोधक बाई पलंगाच्या कडेला टेकल्या. "सवय जंतूंनासुद्धा होत नाही. तुमच्या जखमेत कोट्यवधी आहेत, आणि सगळे एकसारखे नाहीत. औषध आलं, जवळजवळ सगळे मेले. ज्या थोड्यांपाशी जन्मापासून काहीतरी वेगळं होतं, ते वाचले. आता तिथे राहतात ती सगळी त्यांचीच पिलावळ. प्रत्येक औषधानं तुम्ही नकळत चाळणी लावत गेलात."

"म्हणजे आम्हीच त्यांना निवडून निवडून तगडं केलं!" नणंद म्हणाली.

"अगदी तसंच. यांच्यापाशी एक पंप आहे. कातडीत बसवल्यासारखा. औषध आत शिरलं की तो ते बाहेर ओकतो. औषधं बदलली तरी पंप तोच."

मग त्यांनी सांगितलं ते ऐकून गादीवाले पहिल्यांदाच पुढे सरकले. जसे आपल्याला विषाणू होतात, तसे जंतूंनाही होतात. जंतूंना खाणारे, फक्त जंतूंनाच, माणसाच्या पेशीला न शिवणारे. प्रत्येक जातीच्या जंतूचे निरनिराळे. ते शोधायचे, वाढवायचे आणि जखमेत सोडायचे.

"हे शोधायचे कुठे?" गादीवाल्यांनी विचारलं.

"जिथे जंतू तिथे त्यांचे वैरी. घाण पाण्यात. जितकं घाण तितकं बरं." चष्मा परत डोळ्यांवर चढला तशा त्या आता स्पष्ट दिसू लागलेल्या कोचबाईंना म्हणाल्या, "मी आशा लावायला आलेले नाही. होईलच असं नाही. पण डॉक्टरांनी थोडा अवधी दिला तर मला शोधायला आवडेल."

संशोधक बाईंच्या शीतपेटीत आधीपासून जमवलेले बरेच विषाणू होते. त्यांतल्या एकानंही कोचबाईंच्या जंतूला हात लावला नाही. तेव्हा शोध सुरू झाला आणि त्यात गादीवाल्यांनी स्वतःला झोकून दिलं. ज्या माणसानं आयुष्यभर लोकांच्या पाठीखाली मऊ, स्वच्छ कापूस भरला, तो आता स्कूटरला बाटल्यांची जाळी अडकवून गावभर नाल्यांवर वाकलेला दिसू लागला. मासळी बाजाराची मोरी, गुरांच्या दवाखान्यामागचं डबकं, शाळेमागचं गटार. रबरी हातमोजे, तोंडाला रुमाल. ओळखीचे लोक थांबून विचारायचे, "काय हरवलं का गादीवाले?" ते म्हणायचे, "हरवलं नाही, सापडायचंय." आणि पुढच्या नाल्याकडे निघून जायचे.

"दादा, तू आंघोळ केल्याशिवाय माझ्या स्वयंपाकघरात पाऊल टाकलंस तर बघ," नणंद ओरडायची. पण बाटल्यांवर कुठलं पाणी ते लिहून चिकटवायचं काम तिनंच घेतलं होतं.

कोचबाईंना हे सगळं घरी खिडकीपाशी पडून ऐकावं लागायचं. आपला नवरा आपल्यासाठी गटारं धुंडाळतोय हे ऐकून पहिल्यांदा त्यांना हसू आलं, मग लाज वाटली, आणि मग एका संध्याकाळी ते दारातून आत आले, ओले केस, साबणाचा वास, खोलवर दमलेले, तेव्हा त्यांनी आपला कप त्यांच्यापुढे सरकवला. "चहा घ्या," एवढंच त्या म्हणाल्या.

शेवटी एक नाही, दोन विषाणू सापडले. एक गादीवाल्यांच्या मासळी बाजाराच्या बाटलीत. दुसरा गावाबाहेरच्या सांडपाणी शुद्धीकरण केंद्रावरच्या पाण्यात. तिथल्या मुकादमांना संशोधक बाईंचा फोन गेला होता. त्यांनी काही न विचारता सगळ्या टाक्यांचं थोडं थोडं पाणी भरून पाठवून दिलं होतं.

कोचबाईंना ते बघायचंच होतं. डॉक्टरांची परवानगी काढून, चाकाच्या खुर्चीत बसून त्या विद्यापीठात गेल्या. संशोधक बाईंची खोली म्हणजे काचेच्या सपाट ताटल्यांचं दुकानच. प्रत्येक ताटलीत दुधावर साय धरावी तसा पातळ पांढुरका थर.

"ही साय म्हणजे तुमचे जंतू," संशोधक बाई म्हणाल्या. "आणि हे बघा."

एका ताटलीतल्या सायीला गोल गोल भोकं पडली होती, आरपार दिसावीत अशी. "मासळी बाजार," त्या म्हणाल्या. गादीवाल्यांची मान ताठ झाली. दुसऱ्या ताटलीत भोकं नव्हती, नुसते फिकट ठिपके होते, काचेवर श्वास सोडल्यासारखे. "हा सांडपाणी केंद्रावरचा. जेमतेम जमतंय त्याला."

"मग मासळीवालाच घ्यायचा ना?" नणंद म्हणाली. "उघड आहे."

"नाही. हा दुबळा घ्यायचा."

गादीवाल्यांचा चेहरा पडला, ते बघून संशोधक बाईंना वाईट वाटलं असावं, कारण त्या त्यांच्याकडेच वळून बोलू लागल्या. "तुमचा विषाणू भारी आहे, यात वादच नाही. पण कितीही भारी सोडला तरी काही जंतू वाचणारच. करोडोंत एखाद्याच्या अंगात काहीतरी असतंच. ते थांबवणं माझ्या हातात नाही. वाचण्यासाठी त्यांना काय गमवावं लागेल, ते मात्र मी ठरवू शकते. विषाणूला आत शिरायला दार लागतं. तुमचा विषाणू ज्या दारानं शिरतो ते दार जंतूनं बुजवलं तरी त्याचं काही बिघडत नाही. हा सांडपाण्यातला मात्र पंपाला धरून शिरतो. औषध ओकणारा पंप."

कोचबाई पुढे झुकल्या. "म्हणजे याच्यापासून वाचायचं तर पंप मोडायला हवा."

"हो."

"आणि पंप मोडला की…"

"तुमचं पहिलंवहिलं साधं औषध पुन्हा चालेल." संशोधक बाईंनी चष्मा सरकवला. "असं मला वाटतं. ताटलीत तरी तसं होतंय."

"मग त्या दुबळ्याला तगडा करायला पाहिजे," कोचबाई म्हणाल्या. "तालीम द्या त्याला."

"तेच करणार आहे. रोज त्याला तुमच्या जंतूंवर सोडायचं. ज्यांची भोकं बऱ्यापैकी पडतील त्यांची पिल्लं उचलायची, बाकीची टाकून द्यायची. परत सोडायचं. पिढ्यान्‌पिढ्या. आणि मध्ये मध्ये तपासायचं की शिरतोय तो अजून पंपानंच शिरतोय."

"ही कसली तालीम?" कोचबाईंना ते पटेना. "तालीम म्हणजे एकाच माणसाला शिकवायचं. आज जमलं नाही तर उद्या, उद्या नाही तर परवा. नापासांना घरी पाठवून पासांचे फोटो लावणारे क्लास मी पुष्कळ पाहिलेत. त्याला मी शिकवणं म्हणत नाही."

संशोधक बाई खळखळून हसल्या. "अगदी बरोबर! यात कुणीच काही शिकत नाही. एकही विषाणू आयुष्यात सुधारत नाही. जसा जन्मतो तसाच संपतो. बदलते ती नुसती गर्दी. निसर्ग फार वाईट मास्तर आहे, ताई. तुमच्याकडे मी असते तर पोहायला शिकले असते. त्याच्याकडे बुडाले असते."

"तुम्हाला पोहता येत नाही?"

"पाण्याची भीती वाटते."

"ते नंतर बघू," कोचबाई म्हणाल्या.

दवाखान्याला पटवणं मात्र अवघड गेलं. दवाखान्याच्या समितीपुढे चर्चा झाली. सांडपाण्यातला विषाणू जखमेत घालायचा म्हटल्यावर एका ज्येष्ठ डॉक्टरांनी दोन्ही हात वर केले. पण संशोधक बाईंनी तो किती वेळा गाळला, धुतला, कसा तपासला ते शांतपणे सांगितलं. शेवटी हाडांचे डॉक्टरच म्हणाले, "नाही जमलं तर पाय काढायचाच आहे. जमलं तर वाचेल. पेशंटला सगळं समजलंय. माझ्यापेक्षा चांगलं समजलंय, असं मला वाटतं." परवानगी मिळाली.

जखम उघडून धुतली, सळईवरचा जंतूंचा बुळबुळीत थर खरवडून काढला, आणि एका लहानशा कुपीतला पाण्यासारखा निर्मळ द्रव आत सोडला. त्या कुपीत काय दडलंय हे डोळ्यांना दिसायची सोय नव्हती. त्यानंतर रोज थोडं थोडं, एका बारीक नळीतून. जुनं औषध मात्र संशोधक बाईंनी थांबवून ठेवायला सांगितलं. आधी जंतूंनी पंप टाकायला हवा, मग औषध.

पहिल्यांदा ताप चढला. कोचबाईंना हुडहुडी भरली, गादीवाल्यांच्या तोंडचं पाणी पळालं. डॉक्टर म्हणाले, जंतू फुटून मरतायत त्याचा असेल, आणि नसेलही. सगळे वाट बघत राहिले. ताप उतरला. पट्टीवरचा हिरवा रंग फिका झाला. नणंद वाकून वास घ्यायची आणि काही न बोलता खिडकी बंद करायची.

आणि मग डाग परत आला.

लहानसाच होता, पण हिरवा होता. डॉक्टरांनी नमुना विद्यापीठात पाठवला. निकाल सांगायला संशोधक बाई स्वतः आल्या. त्या जवळजवळ पळतच जिना चढून आल्या होत्या.

"विषाणू आता काम करत नाहीये," दारातूनच त्या म्हणाल्या. "जखमेत जे उरलेत त्यांच्यावर त्याचा काडीचाही परिणाम होत नाही!"

नणंदेनं पदर तोंडाला लावला. कोचबाईंनी मात्र संशोधक बाईंच्या चेहऱ्याकडे पाहिलं. वाईट बातमी आणणाऱ्या माणसाचा चेहरा असा नसतो. काठ सोडून पहिल्यांदा तरंगलेल्या माणसाचा असतो.

"पंप?" कोचबाईंनी विचारलं.

"मोडला! सगळ्यांनी मोडला. मी पुन्हा पुन्हा तपासलं. जुन्या औषधाचा एक थेंब टाकला तरी साय विरघळतेय."

"अहो, मग असं दारातून काय किंचाळता!" नणंद रडत हसत म्हणाली. "जीव घ्याल एखाद्याचा!"

त्याच दुपारी जुनं औषध सुरू झालं. ते इतकं जुनं आणि साधं होतं की दवाखान्याच्या औषधविक्रेत्यानं पुन्हा विचारून खात्री करून घेतली. हळूहळू पट्टी पांढरी येऊ लागली. पांढरी, पुन्हा पांढरी. जखमेच्या कडा गुलाबी झाल्या, आत सरकल्या, एकमेकींना भेटल्या. हाडांचे डॉक्टर रोज येऊन पाहायचे आणि मान डोलवून जायचे. एकदा मात्र जाता जाता थांबले आणि म्हणाले, "मी तुमचा पाय काढायला निघालो होतो."

"आणि काढला नाहीत," कोचबाई म्हणाल्या. "थांबलात. दुसऱ्या कुणाचं तरी नाव सांगितलंत. ते काही सोपं नसतं, डॉक्टर. मी जन्मभर तुमची आठवण काढीन."

डॉक्टर पुन्हा पलंगाकडे वळले. त्यांनी उगाचच पट्टी सरळ केली, जी आधीच सरळ होती.

हाड पुरतं जुळल्यावर सळई काढली. चालताना थोडा लंगडेपणा राहिला, पावसाळी हवेत नडगी ठणकायची, पण पाय आपला होता. घरी आल्यावर कोचबाईंनी संशोधक बाईंना जेवायला बोलावलं. जेवण झाल्यावर त्यांचे आभार मानायचे म्हणून काही वाक्यं मनाशी जुळवून ठेवली होती. ती तोंडातून निघायच्या आतच संशोधक बाईंनी हात हलवला.

"माझे कसले? मी नुसती बघत बसले, कोण वाचतंय ते. आभार मानायचेच तर तुमच्या घरच्यांचे माना. सांडपाणी केंद्रावरच्या मुकादमांचे माना. विषाणूचे मात्र मानू नका, त्याला तुम्ही कोण हे ठाऊकसुद्धा नव्हतं. तो आपलं पोट भरत होता."

"नसेना का ठाऊक," कोचबाई म्हणाल्या. "पाण्यालाही ठाऊक नसतं की ते आपल्याला तरंगवतंय. म्हणून काय आपण तरंगत नाही?"

संशोधक बाई चष्मा सरकवून हसल्या. मग म्हणाल्या, "त्याला अजून नाव नाहीये. आमच्यात पद्धत आहे, ज्यानं पाणी पाठवलं त्यानं नाव ठेवायचं."

असं म्हटल्यावर घरात दुसरा बेत होणं शक्यच नव्हतं. पुढच्या सुट्टीला सगळे गावाबाहेरच्या केंद्रावर गेले. गादीवाल्यांनी मुकादमांसाठी स्वतः शिवलेली बैठकीची गादी घेतली होती, निळ्या जाड कापडाची. नणंदेनं नाकाला अत्तराचा रुमाल लावला होता. आत मोठमोठ्या गोल टाक्या होत्या, त्यांत तपकिरी फेस हळूहळू घुसळला जात होता. मुकादम म्हणजे बुटके, गोल चेहऱ्याचे गृहस्थ, पायात गुडघ्यापर्यंत बूट. पाहुणे आलेत म्हणून त्यांनी फाटकापासून ऑफिसपर्यंतचा रस्ता झाडून घेतला होता.

"तुम्ही पाठवलेल्या पाण्यानं माझा पाय वाचला," कोचबाई म्हणाल्या. "मला तुमचे आभार मानायचेत."

मुकादमांना आधी ते नीट कळलंच नाही. संशोधक बाईंनी समजावून सांगितलं. तेव्हा त्यांनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली. "या पाण्याबद्दल?" ते म्हणाले. "बाई, इथे लोक तक्रार घेऊन येतात. वास येतो म्हणून येतात. आभार मानायला…" त्यांनी टोपी हातात फिरवली. टाकीकडे बघत राहिले.

"नाव ठेवायचंय तुम्हाला," नणंद म्हणाली. "बारशाला आलोय असं समजा. लवकर ठेवा, मला श्वास घ्यायचाय."

मुकादम हसले. मग खूप विचारात पडले. आपल्या मुलीचं ठेवावं का, असं त्यांनी विचारलं, मग आपणच म्हणाले नको, तिला मैत्रिणी चिडवतील. बायकोचं ठेवलं तर घरात घेणार नाही. शेवटी त्यांनी कोचबाईंच्या पायाकडे पाहिलं. त्या काठी न टेकता, कठड्याला हात लावून उभ्या होत्या.

"'चालता' ठेवा," ते म्हणाले. "चालेल का?"

"चालेल म्हणजे काय, चाललंच!" गादीवाले म्हणाले. त्यांनी आपण होऊन विनोद केल्याचं नणंदेला आठवत नव्हतं, ती त्यांच्याकडे बघतच राहिली.

नंतर मुकादमांनी हौसेनं सगळं केंद्र फिरवून दाखवलं. इथे कचरा अडतो, इथे गाळ बसतो, इथे जंतूच घाण खातात, माणसांनी नुसती हवा द्यायची. शेवटच्या टाकीतून पाणी बाहेर पडत होतं तिथे ते चांगलं नितळ झालेलं होतं आणि ओढ्याकडे निघालं होतं. कोचबाई तिथे थांबल्या. गेलं सगळं वर्ष त्यांच्या डोळ्यांसमोरून गेलं: ओल्या केसांनी दारात उभा नवरा, खिडकी उघडणारी नणंद, खुर्ची ओढून बसलेले डॉक्टर, ढिल्या दांडीचा चष्मा. किती जणांनी आपल्या एका पायाला हात लावला, असं त्यांच्या मनात आलं, आणि त्यांतले कितीतरी तर डोळ्यांना न दिसणारे. त्यांना रडू आलं. गादीवाल्यांनी खिशातून रुमाल काढून दिला, मग तो नाल्यांवर तोंडाला बांधायचा रुमाल आहे हे आठवून घाईघाईनं परत घेतला आणि नणंदेचा दिला.

"संशोधक बाई," डोळे पुसून कोचबाई म्हणाल्या, "सोमवारपासून मी तलावावर जातेय. सकाळी या. पहिल्या दिवशी नुसतं काठावर बसायचं. आत ढकलणार नाही."

"वचन?"

"वचन. माझ्याकडे कुणी नापास होत नाही."

संशोधक बाई हो म्हणाल्या. परत निघताना मुकादम फाटकापर्यंत पोचवायला आले. निळी गादी त्यांनी दोन्ही हातांनी छातीशी धरली होती, खाली टेकवली तर मळेल म्हणून.